‘व्हायलम फ्रेंड’ म्हणजे कसला मित्र? आजोबांच्या पत्रातला एक शब्द

रंकाळाकाठ | रविवार, रात्री ९.२०

नमस्कार. कोल्हापुरात शनिवार पेठेतलं आमचं जुनं घर उतरवायला काढलंय. माळ्यावरची पत्र्याची ट्रंक खाली घेतली, तर तळाशी आजोबांच्या पत्रांच्या कार्बन प्रती निघाल्या, सुतळीनं बांधून ठेवलेल्या. आजोबा राजाराम कॉलेजात शिकले, पुढं आयुष्यभर कारकुनी केली, आणि कामाचं पत्र म्हटलं की इंग्रजीतच लिहायचे. टाइपरायटरवर दोन बोटांनी, पण भराभर.

त्यातलं एक पत्र १९५३ सालचं आहे. पुण्यातल्या एका छापखान्याच्या मालकांना एका मुलाची शिफारस केलीय. मुलाला खिळे जुळवता येतात, हात स्वच्छ आहे, कामावर घ्यावं, असं. पहिलंच वाक्य आहे ‘द बेअरर इज द सन ऑफ माय’, मग कार्बनचा एक काळा डाग, आणि पुढं ‘व्हायलम फ्रेंड अँड नेबर’. शब्दाचं स्पेलिंग डब्ल्यू, एच, आय, एल, ओ, एम. उच्चार मी अंदाजानं लिहिलाय.

घरात तीन मतं पडली. काका म्हणतात टायपिंगची चूक. बाबा म्हणतात, याचा अर्थ ‘वारलेला’. चुलतभाऊ म्हणतो ‘वाइल’ म्हणजे कपट, त्यावरून हा ‘कपटी मित्र’ असणार. शिफारसपत्रात कपटी कशाला म्हणतील?

मला हे नीट कळायला हवंय, त्याला कारण आहे. हे शेजारी म्हणजे आमच्या भिंतीला भिंत लागून राहणारे जुळारी. त्यांच्या घराकडं उघडणारी आमच्या सोप्यातली खिडकी मी जन्मापासून विटांनी बुजवलेली पाहिलीय. का बुजवली, हे आम्हाला कधी कुणी सांगितलं नाही.

तालमीतला | रविवार, रात्री ९.४१

रामराम ताई. हे बिनखांबी सरांचं काम. सर, बघा जरा.

बिनखांबी | रविवार, रात्री ११.०५

ताई, टायपिंगची चूक नाही. शब्द खरा आहे आणि आजोबांनी तो बरोबर लिहिलाय. उच्चारही तुम्ही बरोबर धरलात. ‘व्हाइल’ म्हणा आणि त्याला ‘अम’ जोडा. कपटाशी याचा काही संबंध नाही. कपटवाला ‘वाइल’ वेगळा, त्यात एच नाही.

अर्थ ‘एके काळचा’, ‘पूर्वीचा’. म्हणजे ‘माझ्या एके काळच्या मित्राचा मुलगा’.

आता थोडं मुळात जातो, कारण हा शब्द मराठी माणसाला समजावणं फार सोपं आहे. जुन्या इंग्रजीत ‘ह्वील’ म्हणजे वेळ. आजचा ‘व्हाइल’ तोच. त्या काळी इंग्रजीतही आपल्यासारखे विभक्तिप्रत्यय होते. चतुर्थीच्या बहुवचनाला ‘उम’ लागायचा. ‘ह्वीलुम’ म्हणजे ‘वेळोवेळी’, ‘कधीकधी’. पुढं अर्थ सरकत ‘कधी काळी’, ‘पूर्वी’ असा झाला. इंग्रजीतले बहुतेक विभक्तिप्रत्यय गळून गेले, पण या शब्दाला ‘उम’ चिकटून राहिला, कारण तो प्रत्यय आहे हेच लोक विसरले. ‘सेल्डम’ रोजच्या वापरातला शब्द आहे ना? त्याचं मूळ रूप ‘सेल्डन’. ‘व्हायलम’सारख्यांच्या नादानं त्याच्याही शेवटी म आला.

मराठीत हेच ‘पूर्वी’चं झालंय. घरी, दारी, रात्री, सकाळी, पूर्वी. सगळीकडं सप्तमीचा ‘ई’ बसलाय, पण बोलताना कुणाला तो प्रत्यय वाटतो? आपण सरळ क्रियाविशेषण म्हणून वापरतो. फरक एवढाच की आपल्याला ‘पूर्वी’चं विशेषण करायचं झालं की ‘चा’ जोडता येतो. पूर्वीचा, मागचा, तेव्हाचा. इंग्रजीकडं असा ‘चा’ नाही. त्यामुळं ‘व्हायलम’ आधी फक्त ‘पूर्वी’ होता, आणि नंतर आहे त्याच कपड्यांत नामाच्या पुढं येऊन बसला आणि ‘पूर्वीचा’ झाला.

चौदाव्या शतकाच्या अखेरीस चॉसरनं ‘नाइट्स टेल’ ही कथा या शब्दानंच सुरू केली. तिथं तो आपल्या ‘आटपाट नगर होतं’ मधल्या सुरासारखा आहे, कथेचं दार उघडणारा. १५९० साली स्पेन्सरनं ‘फेअरी क्वीन’च्या पहिल्याच ओळीत तो घेतला, पण तोवर त्याला जुनेपणाचा वास लागला होता आणि स्पेन्सरला नेमका तो वास हवा होता. १८१२ साली बायरननं ‘चाइल्ड हॅरोल्ड’मध्ये नायकाची ओळख करून देताना वापरला, तेव्हा तर तो पेटीतून काढलेला जुना दागिनाच होता. पुढं क्रियाविशेषण जवळजवळ गेलं. विशेषण तेवढं विद्वानांच्या लिहिण्यात टिकून राहिलं.

रंकाळाकाठ | सोमवार, सकाळी ७.१०

सर, खूप आभार. काकांना वाचून दाखवलं. त्यांनी चूक मागं घेतली.

पण बाबा अजून ‘वारलेला’ वर ठाम आहेत. ते म्हणतात, त्यांनी कुठल्या तरी जुन्या कागदात हा शब्द मेलेल्या माणसापुढं वाचलाय.

बिनखांबी | सोमवार, सकाळी ८.३०

वडिलांचं म्हणणं उडवून लावण्यासारखं नाही. स्कॉटलंडच्या जुन्या कायदेशीर कागदांत याच कुळातला ‘अमव्हाइल’ हा शब्द येतो, आणि तो मयत माणसाच्या नावापुढं लावायचे, आपल्या ‘कै.’सारखा. जर्मनमध्येही याचा सख्खा भाऊ आहे, ‘वायलांट’. तोही ‘पूर्वी’ आणि ‘दिवंगत’ अशा दोन्ही अर्थांनी चालायचा. ‘पूर्वी होता’ वरून ‘आता नाही’ आणि तिथून ‘आता या जगातच नाही’, ही वाट भाषेला फार जवळची आहे.

पण विसाव्या शतकातल्या इंग्रजीत ‘व्हायलम फ्रेंड’ म्हटलं की ‘पूर्वी मित्र असलेला’, एवढंच. गेलेल्या माणसासाठी आजोबांनी ‘लेट’ लिहिलं असतं. खात्री करायची तर पुढचं वाक्य बघा. त्या मित्राचं क्रियापद कुठल्या काळात आहे?

रंकाळाकाठ | सोमवार, सकाळी ८.५२

‘हू इज नाउ सेटल्ड ॲट बेळगाव.’

इज आहे, सर. म्हणजे ते हयात होते.

आता मात्र मला वाईट वाटायला लागलंय. हयात मित्राला ‘एके काळचा मित्र’ म्हणायचं, आणि तेही त्याच्याच मुलाच्या हातात देऊन पाठवायच्या पत्रात. आजोबा असे नव्हते हो. एवढा कोरडा शब्द त्यांनी का घातला असेल?

मामलेदार_कचेरी | सोमवार, दुपारी १.१५

ताई, मी महसुलात कारकून होतो, आता निवृत्त. त्या पिढीचे कागद आयुष्यभर हाताळलेत, म्हणून लिहितो. संस्थानी वळणाचं इंग्रजी असं भारदस्त असायचं. १ मार्च १९४९ ला कोल्हापूर संस्थान विलीन झालं. त्यानंतरच्या इंग्रजी कागदांत ‘अर्स्टव्हाइल कोल्हापूर स्टेट’ ही जोडी इतक्यांदा वाचलीय की डोळे मिटूनही दिसते. तोही ‘व्हाइल’ घराण्यातलाच ना सर? त्यामुळं कोरडेपणा म्हणून नव्हे, सवयीनं लिहिलं असेल.

आणि एक. या शब्दांचं मराठी करताना सगळे सरसकट ‘तत्कालीन’ लिहितात, ते मला खटकतं. तत्कालीन म्हणजे ज्या घटनेबद्दल बोलतोय त्या वेळचा. ‘तत्कालीन मालक’ म्हटलं तर तो आजही मालक असू शकतो. ‘माजी मालक’ म्हटलं की आज त्याचा हक्क नाही. मी नवीन असताना एका उताऱ्याच्या भाषांतरात हा फरक राहून गेला, आणि एक म्हातारे गृहस्थ सहा महिने खेटे घालत राहिले. चूक माझ्या हातची होती. तेव्हापासून हा शब्द लिहिताना हात थांबतो.

बिनखांबी | सोमवार, दुपारी २.००

हो, त्याच घराण्यातला. ‘अर्स्ट’ म्हणजे सगळ्यात आधी, आणि ‘व्हाइल’ म्हणजे वेळ. तुम्ही तत्कालीन आणि माजीमधला सांगितलेला फरक इथं फार उपयोगाचा आहे. ‘व्हायलम’ हा बोलणाऱ्याच्या आजपासून मोजलेला ‘पूर्वी’ आहे, घटनेच्या वेळेपासून नाही. म्हणून ‘तत्कालीन मित्र’ इथं चालणार नाही.

याच अर्थाचे आणखी दोघं आहेत. ‘क्वॉन्डम’, हा लॅटिनमधून जसाच्या तसा आलेला. आणि ‘समटाइम’. जुन्या पुस्तकांच्या पहिल्या पानावर लेखकाच्या नावाखाली ‘समटाइम प्रोफेसर’ असं असतं. माझे विद्यार्थी त्याचा अर्थ ‘अधूनमधून शिकवणारे’ असा करायचे. तो ‘माजी प्राध्यापक’ आहे. शेवटी एस नाही, तिकडं लक्ष द्यायचं.

अभ्यासिका_२२ | सोमवार, दुपारी ४.३७

सर, मी स्पर्धा परीक्षा देतेय. इंग्रजी निबंधात ‘व्हायलम’ वापरला तर चांगलं दिसेल का?

बिनखांबी | सोमवार, संध्याकाळी ६.१०

नको. तिथं ‘फॉर्मर’ लिही. शब्द चुकीचा आहे म्हणून नव्हे, पण तपासणारा तिथं अडकेल आणि तुझा मुद्दा मागं राहील. वाचताना ओळखता आला की झालं. आणि वापरायचाच झाला कधी, तर फक्त नामाच्या आधी येतो. ‘ही इज व्हायलम’ होत नाही.

मोडीवाला | सोमवार, रात्री ८.२५

उशिरा आलो, पण राहवत नाही. ‘माजी’ हा शब्द अरबी. मूळ अर्थ ‘गेलेला, सरलेला’, म्हणजे काळाविषयीच. मोडी कागदांत ‘साल गुदस्त’ येतं, ते फारसी, म्हणजे सरलेलं साल. आपल्याकडं खेड्यांत अजून ‘गुदस्ता पाऊस बरा झाला’ म्हणतात. म्हणजे बघा, इंग्रजीचा ‘व्हायलम’ वेळेपासून निघाला, आपला ‘माजी’ सरलेल्या काळापासून.

पण ताई, भाषांतरात ‘माजी मित्र’ करू नका. कानाला लागतं. माजी आमदार, माजी सरपंच, माजी विद्यार्थी, माजी सैनिक. जिथं नेमणूक होते, नाव पटावर चढतं आणि उतरतं, तिथं माजी. मैत्रीचा पट कुठं असतो?

तालमीतला | सोमवार, रात्री ९.०२

मोडीवाल्यांनी लाखाचं बोलला. आमच्या गंगावेशीत बघा. माजी नगरसेवक गल्लोगल्ली हायत, पर ‘माजी पैलवान’ कुणी म्हणत न्हाई. आमच्या आळीत एक आजोबा हायत, ऐंशीच्या पुढं गेलेत, गुडघं वाकत न्हाईत. खासबागेत शेवटची कुस्ती धरली त्याला पन्नास वर्षं झाली असतील. दूधवालापण त्यास्नी ‘पैलवान’ म्हणूनच हाक मारतो. वस्ताद तर मेल्यावरबी वस्तादच. तसंच शाहू मिलचं. मिल बंद पडून वर्षं झाली, तरी आमच्या मामाचं नाव ‘मिलवाला’.

काही गोष्टी माणसाच्या अंगातनं उतरत न्हाईत. तिथं माजी लागत न्हाई.

रंकाळाकाठ | सोमवार, रात्री ९.३०

दादा, हे वाचून थोडा वेळ नुसती बसून राहिले. मग प्रश्न तोच ना. जिथं आपण माजी लावत नाही, तिथं आजोबांनी तो मुद्दाम लावला.

संस्कृत_पाठशाळा | सोमवार, रात्री १०.१८

एक पुरवणी. संस्कृतात या अर्थासाठी स्वतंत्र प्रत्ययच आहे. पाणिनीचं सूत्र ‘भूतपूर्वे चरट्’, पाचवा अध्याय, तिसरा पाद, ५३ वं. जो पूर्वी अमुक होता, तो ‘चर’. पूर्वी श्रीमंत होता तो ‘आढ्यचर’, बाई असेल तर ‘आढ्यचरी’. ‘दृष्टचर’ म्हणजे पूर्वी पाहिलेला. पाणिनीला फक्त त्या अर्थासाठी एक सूत्र खर्चावंसं वाटलं, यावरून ही गरज किती जुनी आहे ते दिसतं.

मराठीत ‘चर’ रुळला नाही. आपण ‘पूर्वाश्रमीचा’ घेतला. मुळात तो संन्याशासाठी, आश्रम बदलला म्हणून. आता माहेरच्या आडनावासाठी वापरतो. तोही इथं नको. मित्रत्व हा काही सोडलेला आश्रम नव्हे.

बिनखांबी | सोमवार, रात्री ११.४०

ताई, झोपायच्या आधी तुमची पहिली पोस्ट पुन्हा वाचली. ‘माय’ आणि ‘व्हायलम’च्या मधे काळा डाग आहे म्हणालात. कार्बन प्रतीत डाग कुठंही पडतो, खरं आहे. पण टाइपरायटरवर शब्द चुकला की मागं येऊन त्यावर एक्स मारायची पद्धत होती, आणि कार्बनवर ते एक्स पसरून डागासारखे दिसतात. उद्या दिवसाउजेडी भिंग घेऊन तो डाग बघाल का? किती अक्षरांचा आहे, एवढं तरी.

रंकाळाकाठ | मंगळवार, सकाळी १०.०५

सर.

खिडकीत धरून बघितलं. डाग नाही. तीन एक्स आहेत, एकावर एक दोनदा मारलेले. एक्स बुटका असतो, त्यामुळं खालच्या अक्षरांची डोकी वर राहिलीत. पहिल्या एक्सच्या वर काहीच नाही. दुसऱ्याच्या वर एक उभी काठी. तिसऱ्याच्या वर उजवीकडं आणखी एक काठी. मी कागदावर तसंच काढून पाहिलं. ओ, एल, डी.

आजोबांनी आधी ‘माय ओल्ड फ्रेंड’ लिहायला घेतलं होतं. ‘ओल्ड’ लिहून झाल्यावर थांबले, मागं आले, तो खोडला आणि ‘व्हायलम’ लिहिला.

मोडीवाला | मंगळवार, सकाळी १०.२०

अंगावर काटा आला.

बिनखांबी | मंगळवार, सकाळी ११.१५

मग कोरडेपणाचा प्रश्न सुटला, असं मला वाटतं. ‘ओल्ड फ्रेंड’ म्हणजे जुना मित्र, अजून असलेला. ‘जुना’ शब्द मैत्री किती वर्षांची ते सांगतो, संपली असं म्हणत नाही. शिफारसपत्रात तो सोपा होता. समोरच्यावर वजनही जास्त पडलं असतं. पण ते लिहिलं तर खोटं झालं असतं. बोलणं बंद होतं, खिडकी बुजलेली होती. दुसरीकडं ‘फॉर्मर फ्रेंड’ लिहावं, तर वाचणाऱ्याला पहिला प्रश्न पडणार, काय बिनसलं? मुलाचं काम तिथंच अडलं असतं.

‘व्हायलम’मध्ये भांडण ऐकू येत नाही. त्यात फक्त वेळ आहे. कधी काळी होतो, एवढंच. कथा सुरू करणारा शब्द आहे तो. खरं बोलायचं आणि मुलाचं नुकसानही होऊ द्यायचं नाही, या दोन्हींत बसणारा इंग्रजीत दुसरा शब्द मला तरी सुचत नाही. रात्रभर शोधला.

मामलेदार_कचेरी | मंगळवार, दुपारी १२.४०

मी सवय म्हणालो होतो, ते मागं घेतो. सवयीनं लिहिणारा माणूस मागं येऊन खोडत नाही.

रंकाळाकाठ | मंगळवार, रात्री ८.५०

संध्याकाळी बाबांना ते तीन एक्स दाखवले. भिंग हातात घेऊन खूप वेळ बघत राहिले. मग इतक्या वर्षांत पहिल्यांदा बोलले. ती खिडकी म्हणे बुद्धिबळाची होती. पट मधे खिडकीच्या फळीवर, आजोबा अलीकडं, ते पलीकडं. रोज रात्री, जेवणं झाल्यावर. मोठ्यांच्यात सामाईक भिंतीवरून कोर्टकचेरीपर्यंत गेलं आणि एका उन्हाळ्यात गवंडी आला. तो मुलगा बाबांच्या बरोबरीचा. त्याला काम मिळालं. पत्र घेऊन पुण्याला निघताना एस. टी. स्टँडवर आजोबाच सोडायला गेले होते, बाबांना सायकलवर पुढं बसवून.

मी चुलतभावंडांसाठी पत्राचं मराठी करायला बसलेय. पहिलं वाक्य असं केलं, ‘पत्र घेऊन येणारा मुलगा माझ्या एके काळच्या मित्राचा आणि शेजाऱ्याचा.’ बरोबर आहे का?

संस्कृत_पाठशाळा | मंगळवार, रात्री ९.०५

‘एके काळचा’ उत्तम. त्यातही वेळच आहे.

तालमीतला | मंगळवार, रात्री ९.१२

ताई, जमलंय. फकस्त ‘मित्र’ जरा आत्ताचा वाटतोय. तवाचे लोक काय म्हणत असतील?

रंकाळाकाठ | मंगळवार, रात्री ९.४४

बाबांना वाचून दाखवलं. त्यांनी माझ्या हातातलं पेन घेतलं, ‘मित्राचा’वर एक रेघ मारली आणि वर ‘स्नेह्यांचा’ लिहिलं. शेजाऱ्याचंही ‘शेजाऱ्यांचा’ केलं. आजोबा त्यांना अहो-जाहो करायचे म्हणाले, पट मांडलेला असतानाही.